अण्णांचा दहावा आणि छावणीची मॅच

परवा माझ्या नातवानं मोबाईलवर एक पान उघडून दाखवलं. कुठल्याशा देशातल्या राष्ट्रीय फुटबॉल लीगचा शंभरावर वर्षांपूर्वीचा एक मोसम होता तो. कोणता संघ कितवा आला, कुणी कुणाला हरवलं, गोल कुणी मारले, सगळं जागच्या जागी. ती माणसं जाऊन जमाना लोटला, पण त्यांचा एक गोल काही हरवला नाही. "आजोबा, तुमच्या लीगचं शोधू का?" म्हणाला. म्हटलं, शोध. त्यानं चार-पाच तऱ्हेनं शोधलं आणि शेवटी माझ्याकडं असं पाहिलं, की मी फुटबॉल खेळलो ही मी रचलेली थाप असावी. आमच्या लीगचं पान कुठंच नव्हतं. मला वाईट वाटलं नाही असं म्हणणार नाही. चांगलं वाटलं वाईट. म्हणून त्यातला एक मोसम इथं लिहून ठेवतो. गोलांची यादी मात्र माझ्याकडून मिळायची नाही. मला आठवतं ते बरंचसं घरातलं आहे.

आम्ही तेव्हा औरंगपुऱ्यात एका कापड दुकानाच्या मागं दोन खोल्यांत राहायचो. आमची एक भिंत आणि पिठाच्या गिरणीची एक भिंत एकच. सकाळी गिरणी सुरू झाली की मांडणीवरची भांडी बारीक थरथरायची, आणि लाइट गेली की एकदम इतकं शांत व्हायचं की आई चुलीपुढून मान वर करून बघायची, काय झालं म्हणून. पीठ सगळ्यांवर बसायचं. वाळत घातलेल्या कपड्यांवर, पाण्याच्या माठावर, माझी बहीण कुसुम हिच्या वेण्यांवर. आईची जवारीची भाकरी मात्र त्या गल्लीत नावाजलेली होती. तव्यावरून निघालेली भाकरी, येसराची, म्हणजे भाजलेल्या धान्य-मसाल्याच्या पिठाची, आमटी आणि कांदा, एवढ्यावर आमचा दिवस निघायचा. शेजारच्या लोकांना वाटायचं गिरणी भिंतीला लागून म्हणून आमची भाकरी चांगली. आई म्हणायची, "गिरणी तर तुमच्या बी भिंतीला हाये की."

वडिलांना आम्ही अण्णा म्हणायचो. आमचं मूळ गाव देवगाव रंगारी. तिथली शेती थोरले काका, म्हणजे तात्या, बघायचे आणि अण्णा शहरात मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, मापाडी होते. धान्याची मापं मोजायची आणि मोठ्यानं पुकारायची, हे त्यांचं काम. पहिल्या मापाला एक म्हणत नाहीत, 'लाभ' म्हणतात, आणि मग दोन, तीन असं सुरात चालतं. अण्णांचा आवाज अख्ख्या मोंढ्यात ओळखीचा होता. तो आवाज सगळा तिथंच खर्च व्हायचा. संध्याकाळी घरी आलेला माणूस घसा बसलेला, मुका. दारातून आईला एक हाक, पाण्याचा तांब्या, आणि मग जेवण होईपर्यंत शब्द नाही. रागावले तर कपाळाला आठी, खूश झाले तर तीच आठी जरा कमी. माझे मित्र आपापल्या बापांच्या शिव्या ऐकवायचे तेव्हा मला हेवा वाटायचा. निदान त्यांना बापाचं मत तरी माहीत होतं.

माझ्या फुटबॉलबद्दल अण्णा कधी काही बोलले नाहीत. हे मी मुद्दाम लिहून ठेवतो, कारण पुढचं सगळं त्यातून झालं. चांगलं म्हणाले नाहीत, वाईटही म्हणाले नाहीत. मी कॉलेज सुटल्यावर आमखास मैदानावर जायचो आणि धुळीनं माखून यायचो. ते माझ्या पायाकडं बघायचे, माझ्या तोंडाकडं बघायचे आणि भाकरी मोडायला लागायचे. तात्यांचं तसं नव्हतं. तात्या बाजारच्या निमित्तानं गावाहून आले की ओसरीत बसून सुरू करायचे. "शेतकऱ्याच्या घरचं पोरगं, अन् चामड्याच्या चेंडूमागं पळतंय. त्यात काय दाणं पडणार हायेत का?" उचलली जीभ लावली टाळ्याला, हा तात्यांचा स्वभाव. पण माणूस वाईट नव्हता. दरवेळी आमच्यासाठी शेंगांचं गाठोडं घेऊन यायचा.

आमच्या संघाचं नाव नवजवान. नाव मोठं, लक्षण खोटं म्हणावं अशी आमची अवस्था. जर्सी प्रत्येकाची वेगळ्या हिरव्या रंगाची, कारण कापड ज्याचं त्यानं आणलेलं. ती शिवली आमच्या कॅप्टननं. रशीद टेलर होता, माझ्यापेक्षा थोडा मोठा, आणि मैदानावर सगळ्यांचा बाप. मी लेफ्ट बॅक. म्हणजे गोल मारणारा नव्हे, गोल होऊ न देणारा. माझे बूट जुन्या बाजारातले, एक माप मोठे, पुढं कापूस कोंबलेले. बुटाखालच्या चामड्याच्या गुट्ट्या खिळ्यांनी ठोकलेल्या असायच्या, आणि गुट्टी झिजली की खिळा आतून तळव्याला भेटायला यायचा. हाफ टायमाला मीठ लावलेल्या लिंबाच्या फोडी, मॅच संपली की चहा आणि उस्मानिया बिस्किट. जिंकलो तर रशीदच्या घरून नान-खलिया, म्हणजे नान आणि मांसाचा रस्सा. माझ्या घरी ते चालणारं नव्हतं, हे रशीदच्या आईला माहीत होतं. ती माझ्यासाठी वेगळ्या भांड्यात खिचडी आणि चिंचेचा खट्टा करून ठेवायची आणि मी जेवेपर्यंत समोर बसायची.

त्या मोसमात आम्ही हरता हरेनासे झालो. कशामुळं, ते मला आजही सांगता यायचं नाही. संघ तोच, बूट तेच. पण आम्हाला एकमेकांची चाल कळायला लागली होती. रशीद मागं न बघता म्हणायचा, "पीछे तू है ना?" आणि मी म्हणायचो, "हौ, मैं हूँ." तेवढ्यावर तो पुढं सुटायचा. घरात मी दोन खोल्यांत अडचण करणारा एक वाढता पोरगा होतो, कॉलेजात शेवटच्या बाकावरचा. 'तू आहेस ना?' असं मला जगात पहिल्यांदा त्या मैदानावर कुणीतरी विचारलं. मला खेळ आवडायचा असं मी सगळ्यांना सांगायचो. खरं तर मला तो प्रश्न आवडायचा. मोसमाची शेवटची मॅच राहिली ती छावणीच्या संघाशी. जिंकलो तर लीग आमची, नाही तर छावणीची. त्यांना बरोबरीसुद्धा पुरणार होती.

आणि त्या आठवड्यात अण्णा गेले. मोंढ्यात माप चालू असताना खाली बसले ते उठले नाहीत. त्यांना घरी आणलं तेव्हा गिरणीवाल्यानं गिरणी बंद केली, आणि भर दुपारची ती शांतता मला अजून कानात जाणवते. आई रडली नाही. ती अण्णांच्या मिशांवरचा धान्याचा भुसा पदरानं पुसत होती. कुसुम माझा हात सोडत नव्हती. रशीद आणि आमचे सगळे खेळाडू आले, गल्लीच्या तोंडाशी उभे राहिले आणि चितेची लाकडं गाडीवर चढवायला पुढं झाले. दोन दिवसांनी छावणीचा कॅप्टनही येऊन गेला. त्यानंच लीगवाल्यांना सांगून मॅच पुढं ढकलली, दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी. "आपके बगैर खेलके जीते तो क्या जीते," एवढंच म्हणाला. तात्या ओसरीत बसून ते ऐकत होते. तो गेल्यावर त्यांनी माझ्याकडं असं पाहिलं, की मी घरात ढोल-ताशे लावले असावेत.

दहावा कायगावला गोदावरीवर करायचं ठरलं. मोंढ्यातल्या एका आडत्यानं, त्यांना सगळे शेठजी म्हणायचे, ट्रक दिला. आमच्यात तेव्हा बायका घाटावर जात नसत, म्हणून आई आणि कुसुम घरी राहिल्या. तात्या, मामा, शेठजी, गावाकडचे चार भाऊबंद आणि मागं फळीला टेकून रशीद आणि दोघं खेळाडू. घाटावर न्हाव्यानं माझं डोकं तासलं. नदीचं पाणी त्या उघड्या डोक्याला लागलं तेव्हा बाप मेला आहे, हे मला खऱ्या अर्थानं समजलं. गुरुजींनी पिंड करून दगडावर ठेवले आणि आम्ही सगळे मागं सरून उभे राहिलो. ज्यांनी हे पाहिलेलं नाही अशा माझ्या नातवासारख्यांसाठी सांगतो. पिंडाला कावळा शिवला की मेलेला माणूस समाधानानं गेला असं धरतात. नाही शिवला, तर त्याचा जीव कशात तरी अडकलाय. मग जवळच्यांनी एकेकानं पुढं व्हायचं, हात जोडायचे आणि त्याला शब्द द्यायचा. ज्याचा शब्द लागू पडतो त्याला कावळा उतरतो.

कावळे भरपूर होते. शेजारी दुसऱ्या कुणाचा दहावा चालला होता, त्यांचे पिंड ठेवायची खोटी, कावळे तुटून पडले. आमच्याकडं एक उतरला, दगडाभोवती फिरला, मान तिरकी करून पिंडाकडं पाहिलं आणि उडून लिंबावर जाऊन बसला. ऊन चढलं. तात्या पुढं झाले. "अण्णा, कुसुमच्या लग्नाची काळजी करू नको. मी हाये." कावळा हलला नाही. मामा म्हणाले, "देवगावच्या वावरात पोराचा वाटा हाये तसा राहील, कुणी हात लावणार नाय." नाही. शेठजींनी टोपी काढली. "पोराला मोंढ्यात तुमच्या जागी घेतो." तेही नाही. भाऊबंदांपैकी एकानं घराला लागलेली गळती काढून देतो म्हणून सांगितलं. गुरुजी सावलीत जाऊन बसले. मला अण्णांची इतकी कीव आली. आयुष्यभर न बोललेला माणूस, आणि आता हे सगळे त्याच्या मनातलं ओळखायला निघाले होते.

मग तात्यांनी माझ्याकडं वळून पाहिलं. "मला कळलं," ते म्हणाले. "जीव पोराच्या फुटबॉलात अडकलाय त्याचा. बोलून दाखवलं नाय कधी, पर मनात खात व्हता. बाळ्या, पुढं हो. सांग बापाला, खेळ सोडला म्हणून."

सगळ्यांची तोंडं माझ्याकडं. कुणालाच ते खोटं वाटलं नाही, आणि खरं सांगतो, क्षणभर मलाही वाटलं नाही. का नसावं तसं? ते माझ्या पायाकडं बघायचे, ते काय म्हणून बघायचे? रशीद माझ्या मागं आला आणि हळू आवाजात म्हणाला, "बोल दे ना बाबा. बोलने में क्या जाता? अब्बा को सुकून मिलना है तो मिलने दे. हम देख लेंगे कल का." त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. स्वतःची लीग सोडून द्यायला निघाला होता तो. बोलायला खरंच काही लागत नव्हतं. पण जिवंत बापाशी एक वेळ खोटं बोलता येतं, त्याला पुढं-मागं सांगता येतं, पाय धरता येतात. मेलेल्या बापाला खोटा शब्द कसा द्यायचा? तो तर तोच शब्द घेऊन जाणार. मी ओल्या धोतरात पुढं झालो, हात जोडले आणि म्हणालो, "अण्णा, दुसरं काही मागा. कॉलेज सोडायला सांगा, मोंढ्यात जायला सांगा, जातो. खेळ तेवढा सोडत नाही."

कावळा उडाला तो नदीपलीकडं गेला. तात्या खाली बसले. बराच वेळ वाट पाहून गुरुजींनी दर्भाचा कावळा केला, म्हणजे त्या गवताला गाठी मारून कावळ्याचा आकार द्यायचा, आणि माझ्या हातानं तो पिंडाला लावला. शास्त्राला ते चालतं. माणसांना चालत नाही. परतीच्या ट्रकमध्ये भाऊबंद माझ्याकडं पाठ करून बसले. घरी पोचल्यावर आईनं दारातच विचारलं, "शिवला का?" मी काही म्हणायच्या आत तात्या म्हणाले, "पोराला इचार. बाप लटकवून आलाय." मी आईला आत नेलं आणि कोण काय म्हणालं, मी काय म्हणालो, सगळं सांगितलं. ती ऐकत राहिली. मध्ये एकदा फक्त "अजून कोण काय बोललं?" एवढं विचारलं. मी म्हणालो, एवढंच. ती उठून कामाला लागली.

दुसऱ्या दिवशी मी जाणार नव्हतो. घाटावर छाती काढून बोललो खरा, पण घरात बसल्यावर ती छाती राहिली नाही. दुपारी रशीद आला, उंबऱ्याबाहेर उभा राहिला आणि आईकडं बघून म्हणाला, "खाला, लेने आया नै मैं. पूछने आया." आई आतून म्हणाली, "जा रे." मला वाटलं त्याला म्हणते आहे. तर मला म्हणत होती. "त्यांला सांगून आलास ना, सोडत नाय म्हणून? मग जा."

तेरावा व्हायचा होता. क्रिया धरणाऱ्यानं तोवर पायात काही घालायचं नसतं. म्हणून मी बूट घरीच ठेवले, घोट्यांना जुन्या धोतराच्या पट्ट्या बांधल्या आणि अनवाणी मैदानात उतरलो. तासलेलं डोकं, उघडे पाय. छावणीचा जो राइट विंगर माझ्या समोर खेळायचा, हातभर उंचीचा चपळ पोरगा, तो सुरुवातीच्या शिट्टीआधी वाकला आणि त्यानं स्वतःचे बूट काढून रेषेबाहेर ठेवले. "तुम कू नै तो मेरे कू बी नक्को," म्हणाला. रेफरीनं तिकडं पाहिलंच नाही. इतक्या वर्षांत मला पुष्कळांनी पुष्कळ काही दिलं, पण त्या पोरानं दिलं तसं कुणी दिलं नाही. आणि मग पंधरा-वीस मिनिटांत त्याच अनवाणी पायानं मला चकवून त्यानं गोल केला, हेही सांगितलं पाहिजे.

आम्ही फेडला तो गोल. रशीदनं डोक्यानं मारला. पुढं सगळा वेळ आम्ही त्यांच्या गोलपुढं होतो आणि चेंडू आत जायला तयार नव्हता. माझ्या अंगठ्याचं नख निघालं, पट्टीतून रक्त येत होतं, पण कळत नव्हतं. रशीद मागं न बघता विचारत होता, मी हो म्हणत होतो. संपल्याची शिट्टी झाली तेव्हा एक-एक. बरोबरी. लीग छावणीची. रशीद तिथंच मातीत बसला. छावणीच्या पोरांनी ओरडायला सुरुवात केली, आणि माझ्याकडं लक्ष जाताच आवाज कमी केला. मला त्यांना सांगावंसं वाटलं, ओरडा रे, तुमचा हक्क आहे. पण तोंडातून शब्द निघाला नाही. त्या दिवशी मी अगदी अण्णांसारखा होतो.

घरी आलो तर ओसरीत तात्या, मामा आणि गावाकडचे दोघं बसलेले होते. माझ्या तोंडावरून त्यांना निकाल समजला असावा. "झाली का हौस?" तात्या म्हणाले. "बाप तिकडं अधांतरी, अन् इकडं तुमचा कप बी गेला. कुठलंच धड नाय." मी पाय धुवायलाही आत गेलो नाही, तसाच उभा राहिलो. मला वाटायला लागलं होतं की हा माणूस म्हणतो ते बरोबर आहे. हे मला जन्मभर ऐकावं लागणार.

तेवढ्यात आई आतल्या दारात येऊन उभी राहिली. डोक्यावरचा पदर कपाळापर्यंत ओढलेला. थोरल्या दिरापुढं आमच्या घरच्या बाईनं बोलायचं नसतं, आणि तोवर आई तात्यांपुढं कधी बोललेली आम्ही ऐकली नव्हती.

"भाऊजी, एक इचारू का?"

तात्या इतके चकित झाले की नुसती मान हलवली.

"घाटावर कुणी काय काय सांगितलं त्यांला?"

"सांगितलं की समदं," तात्या म्हणाले. "कुसुमच्या लग्नाचं सांगितलं. वावराचं सांगितलं. शेठनी नोकरीचं सांगितलं. गळतीचं सुदिक सांगितलं. काय ठेवलं नाय."

"अन् माझं?"

तात्या मामांकडं बघायला लागले.

"माझं कुणी सांगितलं का? ह्या बाईला सांभाळू म्हणून? मोंढ्यातून आले की दारातून पयली हाक मला असायची त्यांची. घसा बसलेला असला तरी. दुसरं कुणाशी बोलायचे नाय, पर ती हाक चुकली नाय कधी. अन् तुमी इतकी माणसं त्यांला निरोप द्यायला गेलात, तर माझं नाव तरी निघालं का कुणाच्या तोंडून?" तिचा आवाज चढला नव्हता. "पोराच्या खेळावर ढकलू नका. त्यांचा जीव कशात व्हता, ते मला इचारायचं व्हतं. मी इथंच व्हते, दोन खोल्यांत."

तात्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली आणि तिच्याकडं बघत राहिले. मामांनी तोंड भिंतीकडं फिरवलं. त्यांची ती सख्खी बहीण. पलीकडं गिरणीचा पट्टा फिरत होता आणि त्या आवाजात आई पहिल्यांदा रडली. मी दक्षिणेकडं, पितरांच्या दिशेला, तोंड केलं, हात जोडले, अण्णांना आता तरी सांगावं म्हणून. आईनं माझा दंड धरून मला वळवलं.

"त्यांला नको सांगू," ती म्हणाली. "त्यांची येळ गेली. मी जिती हाये. मला सांग."

मी तिच्यापुढं खाली बसलो. "आई, तुला मी सांभाळीन."

"अन् खेळशील?"

"खेळीन."

"मग ऊठ," ती म्हणाली. "पायाचं रक्त धू. भाकरी टाकते."